वायफाय एक्स्टेंडर फॅक्टरी रिसेट कसा करायचा? टाचणी टोचण्याआधी एवढं वाचा

नेटवाल्या कंपनीचा माणूस आला, जुना राउटर काढून नवा बसवून गेला. पुढच्या खोलीत नेट झकास चालतंय. पण मागच्या स्वयंपाकघरापर्यंत आणि माडीवर वायफाय पोचावं म्हणून भिंतीतल्या सॉकेटला जो छोटा डबा लावला होता, त्याचा दिवा लाल झालाय. फोन त्या डब्याच्या वायफायला जोडला जातो, पण नेट काही चालत नाही. मग कोणीतरी सांगतं, "रिसेट मार की!" आणि घरातलं कोणीतरी टाचणी घेऊन उभं राहतं.

जरा थांबा. रिसेट हे काम दहा-पंधरा सेकंदांचं आहे आणि ते कोणालाही जमतं. पण चुकीच्या डब्याला टाचणी टोचली, तर अख्ख्या घराचं नेट बंद पडतं आणि कंपनीचा माणूस परत येईपर्यंत बसून राहावं लागतं. मुलांचा ऑनलाइन फॉर्म, कोणाचं घरून चालणारं काम, दुकानाचा हिशेब, सगळं अडकतं. म्हणून रिसेट कधी करायचा, त्याआधी काय लिहून ठेवायचं, कुठला डबा ओळखायचा आणि नंतर जोडणी कशी करायची, हे सगळं इथं क्रमानं दिलं आहे.

एक्स्टेंडर नेमकं काय करतो?

रेंज एक्स्टेंडर, म्हणजेच रिपीटर, स्वतः नेट तयार करत नाही. राउटरचं वायफाय तो पकडतो आणि पुढं सोडतो. दवंडीवाल्याची हाक पुढच्या गल्लीत कोणी पुन्हा दिली, तसंच हे. राउटरचं नाव आणि पासवर्ड त्यानं आपल्याकडे साठवून ठेवलेला असतो. राउटर बदलला किंवा पासवर्ड बदलला, की जुनी माहिती घेऊन तो जुन्याच राउटरला शोधत बसतो. बहुतेक घरांत एक्स्टेंडर "बिघडला" असं वाटतं, तेव्हा खरं कारण एवढंच असतं.

आपल्याकडच्या घरांना एक्स्टेंडर का लागतो, हेही समजून घ्या. गोवा-खानापूर भागातली जांभ्या चिऱ्याची घरं असोत, की इंदूर-ग्वाल्हेर-बडोद्याचे जुने वाडे, भिंती जाड असतात. वायफायच्या लहरी दोन प्रकारच्या: २.४ गिगाहर्ट्झ आणि ५ गिगाहर्ट्झ. २.४ची लहर भिंतीतून जास्त लांब जाते, पण वेग कमी. ५ची लहर वेगवान, पण जाड भिंतीपुढं लवकर दमते. एक्स्टेंडर एकाच लहरीवर घेत आणि देत असेल, तर वेग साधारण निम्म्यावर येतो. तेव्हा मागच्या खोलीत वेग कमी मिळतो म्हणून एक्स्टेंडर बिघडलाय असं समजून तो रिसेट करू नका. ते त्याच्या कामाच्या पद्धतीतच आहे.

रीस्टार्ट वेगळा, रिसेट वेगळा

इथंच बरेच जण गोंधळतात.

रीस्टार्ट म्हणजे डबा बंद करून पुन्हा चालू करणं. प्लग काढा, ३० सेकंद थांबा, परत लावा, दोन मिनिटं वाट बघा. यात काहीही पुसलं जात नाही.

फॅक्टरी रिसेट म्हणजे डबा दुकानातून आणला त्या दिवशी जसा होता तसा करणं. तुम्ही दिलेलं वायफायचं नाव, राउटरचा साठवलेला पासवर्ड, अ‍ॅडमिनचा पासवर्ड, वेळेची बंधनं, सगळं पुसलं जातं. थोडक्यात, रिसेट म्हणजे डब्याला सगळं विसरायला लावणं.

दोन गोष्टी मात्र रिसेटनं बदलत नाहीत. एक, डब्यातलं फर्मवेअर, म्हणजे त्याचं आतलं सॉफ्टवेअर. ते अपडेट केलेलं असेल तर अपडेटेडच राहतं. दोन, तुमचा राउटर. एक्स्टेंडर रिसेट केल्यानं राउटरवरची एकही सेटिंग हलत नाही. राउटरजवळ बसलेल्यांचं नेट चालूच राहतं.

रिसेट कधी करायचा?

या वेळी रिसेट योग्य आहे:

- राउटर बदलला किंवा वायफायचं नाव-पासवर्ड बदललं, आणि एक्स्टेंडरच्या सेटिंगच्या पानात शिरता येत नाही.
- एक्स्टेंडरचा अ‍ॅडमिन पासवर्ड विसरलात.
- दुसऱ्या कोणाचा वापरलेला एक्स्टेंडर घेतलात.
- तुमचा एक्स्टेंडर विकायचा आहे, द्यायचा आहे किंवा टाकून द्यायचा आहे.
- दोन-तीनदा रीस्टार्ट करूनही दिवा ठिकाणावर येत नाही आणि राउटरजवळ नेट व्यवस्थित आहे.

या वेळी रिसेट करून काही उपयोग नाही:

- राउटरजवळच नेट नाही. मग दोष एक्स्टेंडरचा नाही.
- रिचार्ज संपला आहे किंवा बाहेर फायबरची वायर तुटली आहे.
- एक्स्टेंडर फार लांब लावला आहे. मग जागा बदला, सेटिंग नाही.

म्हणून पहिली तपासणी अशी करा: फोन घेऊन राउटरच्या अगदी शेजारी उभे राहा, मोबाइल डेटा बंद करा, राउटरच्या वायफायला जोडा आणि एखादं पान उघडा. उघडलं तर पुढं चला. नाही उघडलं तर टाचणी जागेवर ठेवा आणि नेटवाल्याला फोन करा.

टाचणी घेण्याआधी कागद घ्या

डबा सगळं विसरणार आहे, तेव्हा आपल्याला तरी आठवलं पाहिजे. एका कागदावर चार गोष्टी लिहा:

१. राउटरच्या वायफायचं नाव, जसं दिसतं तसं. मोठी-लहान अक्षरं, अंक, मधली रेघ, सगळं.
२. त्याचा पासवर्ड.
३. एक्स्टेंडरच्या मागच्या लेबलवरचं मॉडेल, सेटिंगच्या पानाचा पत्ता, आणि असल्यास वायफायचं नाव-पासवर्ड. लेबलचा फोटो काढून ठेवला तर सगळ्यात बरं. प्लग लावलेला असताना लेबल बहुतेक वेळा भिंतीकडे असतं.
४. एक्स्टेंडरच्या वायफायला तुम्ही दिलेलं नाव. परत तेच नाव आणि तोच पासवर्ड दिलात, तर टीव्ही, कॅमेरा, लॅपटॉप यांना पुन्हा जोडत बसावं लागत नाही.

पासवर्ड आठवत नसेल तर घरातला जो फोन त्या वायफायला जोडलेला आहे, त्यातून तो काढता येतो. अँड्रॉइड १० किंवा त्यापुढच्या फोनमध्ये वायफायच्या सेटिंगमध्ये जाऊन त्या नेटवर्कवर "शेअर" दाबलं, की क्यूआर कोड येतो आणि बऱ्याच फोनमध्ये त्याखाली पासवर्डही दिसतो. आयफोनमध्ये आयओएस १६ पासून वायफायच्या नावापुढच्या माहितीच्या खुणेवर गेलं की पासवर्ड बघता येतो. हे काम रिसेटच्या आधी करा. पासवर्ड कोणालाच आठवत नाही हे रिसेट झाल्यावर कळलं, तर मागच्या खोल्या तोवर बिननेटच्या राहतात.

डबा ओळखा: इथं चूक महागात पडते

बऱ्याच घरांत आता दोन-तीन डबे असतात. फायबरचा मोडेम, ज्याला कंपनीवाले ओएनटी म्हणतात. कधी त्याला जोडलेला वेगळा राउटर. आणि एक्स्टेंडर. तिघांनाही रिसेटचं भोक असतं आणि तिन्ही भोकं सारखीच दिसतात.

ओळखायची खूण सोपी आहे. एक्स्टेंडर बहुतेक वेळा थेट भिंतीतल्या सॉकेटलाच लावलेला असतो. त्याच्यात बाहेरून आलेली कुठलीही वायर जात नाही. ज्या डब्यात बारीक पिवळी, पांढरी किंवा काळी फायबरची वायर शिरते, त्याला हात लावायचा नाही. तो मोडेम आहे. कंपनीनं दिलेलं युजरनेम, पासवर्ड आणि जोडणीच्या इतर सेटिंग त्यात भरलेल्या असतात. तो रिसेट झाला तर त्या सगळ्या उडू शकतात. मग एकट्या मागच्या खोलीचं नाही, अख्ख्या घराचं नेट जातं. ती माहिती आपल्याकडे लिहिलेली नसते, म्हणून माणूस बोलवावाच लागतो.

शंका असेल तर ज्याला टाचणी लावणार आहात तो डबा सॉकेटमधून काढून बघा. राउटरजवळच्या फोनवर नेट चालूच राहिलं, तर हातात आहे तो एक्स्टेंडरच.

रिसेटच्या पायऱ्या

१. एक्स्टेंडर काढून राउटर असलेल्याच खोलीत, दोन-तीन मीटरवरच्या सॉकेटला लावा. जोडणी इथंच करायची आणि सगळं जमल्यावर डबा मूळ जागी न्यायचा.

२. एक-दोन मिनिटं थांबा. पॉवरचा दिवा स्थिर होऊ दे. रिसेट चालू डब्यावरच होतो. प्लग काढलेल्या डब्याचं बटण कितीही दाबलं तरी काही होत नाही.

३. बाजूला किंवा खाली "रिसेट" लिहिलेलं बारीक भोक शोधा. सिमकार्ड काढायची पिन किंवा सरळ केलेली पेपर क्लिप वापरा. टोकदार सुई नको, आतलं बटण खराब होतं. पिन सरळ आत घाला, बटण दबल्याचा हलका "टक्" हाताला जाणवतो.

४. बटण दाबून धरा आणि घड्याळापेक्षा दिव्याकडे बघा. काही मॉडेलना एक-दोन सेकंद पुरतात, काहींना ७ ते १० सेकंद लागतात. सगळे दिवे एकदम लागले, विझले किंवा पॉवरचा दिवा लुकलुकायला लागला, की सोडा.

५. आता हात लावू नका. डबा आपला आपण बंद होऊन चालू होतो. याला एक-दोन मिनिटं लागतात. या वेळात वीज जाता कामा नये. पावसाळ्यात लाइट ये-जा करत असेल तर इन्व्हर्टरच्या सॉकेटवर हे काम करा.

६. फोनच्या वायफायच्या यादीत कंपनीच्या नावाचं नवं नेटवर्क दिसलं, की रिसेट झाला. जुनंच नाव दिसत असेल तर झालेला नाही, पुन्हा करा आणि थोडा जास्त वेळ धरा.

काही मॉडेलमध्ये रिसेट आणि डब्ल्यूपीएस यांना एकच बटण असतं. ते हलकं दाबलं तर डब्ल्यूपीएस, दाबून धरलं तर रिसेट.

अ‍ॅडमिन पासवर्ड आठवत असेल तर पिनचीही गरज नाही. सेटिंगच्या पानात "सिस्टिम टूल्स" किंवा तशाच नावाच्या भागात "फॅक्टरी रिस्टोअर" असतं, ते दाबा. तिथंच "बॅकअप" असेल तर आधी सेटिंगची फाइल उतरवून ठेवता येते.

कोणत्या कंपनीचं काय?

खाली दिलेले पत्ते ब्राउझरमध्ये इंग्रजी अक्षरांत, मध्ये जागा न सोडता लिहायचे. आकडेही इंग्रजीच. तुमच्या लेबलवर वेगळा पत्ता असेल तर लेबलवरचाच खरा माना.

टीपी-लिंक: पत्ता टीपीलिंकरिपीटर डॉट नेट, किंवा १९२.१६८.०.२५४. रिसेटनंतर "टीपी-लिंक एक्स्टेंडर" अशा नावाचं नेटवर्क दिसतं. जुन्या मॉडेलना युजरनेम आणि पासवर्ड दोन्ही "अ‍ॅडमिन". नवी मॉडेल पहिल्याच वेळी तुम्हालाच पासवर्ड ठरवायला लावतात.

नेटगिअर: पत्ता मायवायफायईएक्सटी डॉट नेट, किंवा १९२.१६८.१.२५०. रिसेटचं बटण १० सेकंदांपर्यंत धरायचं, पॉवरचा दिवा नारिंगी लुकलुकला की सोडायचं. नवं नेटवर्क "नेटगिअर ईएक्सटी" या नावानं दिसतं.

डी-लिंक: पत्ता डीलिंकएपी डॉट लोकल, बऱ्याच मॉडेलना १९२.१६८.०.५० हाही चालतो. पहिल्या जोडणीचं वायफाय नाव आणि पासवर्ड लेबलवर छापलेला असतो.

टेंडा: पत्ता आरई डॉट टेंडावायफाय डॉट कॉम, किंवा १९२.१६८.०.२५४. नवं नेटवर्क "टेंडा ईएक्सटी".

शाओमीचा एमआय रिपीटर: याची जोडणी कंपनीच्या अ‍ॅपमधून होते. रिसेट झाल्यावर पिवळा दिवा लुकलुकतो, जोडणी झाली की निळा स्थिर होतो.

बाजारात मिळणारे बिननावाचे स्वस्त डबे: यातल्या बऱ्याच डब्यांचा पत्ता १९२.१६८.१०.१ असतो. डब्यासोबतची चिठ्ठी जपून ठेवा, कारण या डब्यांबद्दल विचारायला दुसरी जागा नसते.

पुन्हा जोडणी: दोन रस्ते

पहिला रस्ता, डब्ल्यूपीएस. राउटरवरचं डब्ल्यूपीएसचं बटण दाबा, दोन मिनिटांच्या आत एक्स्टेंडरवरचं दाबा. दिवा स्थिर झाला की झालं. पासवर्ड टाइप करायची गरज नाही. पण सगळ्या राउटरना हे बटण नसतं, आणि असलं तरी कधी कधी ते बंद करून ठेवलेलं असतं.

दुसरा रस्ता, फोन किंवा लॅपटॉपवरून:

१. फोनचा मोबाइल डेटा बंद करा. व्हीपीएन असेल तर तेही बंद.
२. एक्स्टेंडरच्या नव्या नेटवर्कला जोडा. "या नेटवर्कवर इंटरनेट नाही, तरी जोडलेलं राहायचं का?" असं फोन विचारेल. हो म्हणा.
३. ब्राउझर उघडून वरच्या पत्त्याच्या पट्टीत लेबलवरचा पत्ता पूर्ण लिहा.
४. अ‍ॅडमिन पासवर्ड ठरवा. "अ‍ॅडमिन" किंवा "१२३४५६७८" ठेवू नका. तो त्याच कागदावर लिहा.
५. आसपासच्या वायफायची यादी येईल. आपल्या राउटरचं नाव निवडा आणि राउटरचा पासवर्ड घाला. शेजाऱ्याच्या राउटरचं नाव सारखंच असू शकतं, नीट बघून निवडा.
६. एक्स्टेंडरच्या वायफायचं नाव ठरवा. बरेच डबे राउटरच्या नावापुढं "ईएक्सटी" लावतात. राउटरचंच नाव आणि पासवर्ड दिलात तर घरात फिरताना फोनला वेगळं जोडावं लागत नाही. वेगळं नाव ठेवलंत तर आपण कोणावर आहोत हे लगेच कळतं. दोन्ही चालतं.
७. सेव्ह करा, डबा चालू होऊ दे, नेट तपासा, आणि मगच मूळ जागी न्या.

मूळ जागा कुठली? जिथं नेट येत नाही ती नव्हे. राउटर आणि ती खोली यांच्या साधारण मधली. एक्स्टेंडरला स्वतःलाच धड ऐकू आलं नाही, तर तो पुढं काय सांगणार? टीपी-लिंकच्या बऱ्याच मॉडेलमध्ये सिग्नलचा दिवा निळा म्हणजे जागा ठीक, लाल म्हणजे राउटरपासून फार लांब.

पान उघडत नाही?

बहुतेकांचं घोडं इथं अडतं. हे बघा:

- पत्ता गूगलच्या शोधात गेला नाही ना? पत्त्याच्या सुरुवातीला एचटीटीपी, अपूर्णविराम आणि दोन तिरक्या रेघा लावून पुन्हा लिहा.
- फोन गुपचूप मोबाइल डेटावर गेला नाही ना?
- फोन खरोखर एक्स्टेंडरच्याच नेटवर्कला जोडलाय ना? राउटरच्या नाही?
- नावाचा पत्ता चालत नसेल तर आकड्यांचा वापरा.

एक बारकावा लक्षात ठेवा. एक्स्टेंडर राउटरला जोडला गेला, की राउटर त्याला नवा पत्ता देऊ शकतो. मग लेबलवरचा आकड्यांचा पत्ता लागत नाही. रिसेट केल्यावर तो पुन्हा लागतो.

सगळं बरोबर केलं, तरी जोडत नाही

अशा वेळी रिसेटवर रिसेट मारू नका. अडचण बहुधा राउटरच्या सेटिंगमध्ये असते.

सुरक्षेचा प्रकार: नवे राउटर कधी कधी फक्त डब्ल्यूपीए ३ वर ठेवलेले असतात. जुन्या एक्स्टेंडरना ते समजत नाही. राउटरमध्ये डब्ल्यूपीए २ आणि ३ असं मिश्र निवडा. राउटर फक्त डब्ल्यूपीए ३ वर असेल तर डब्ल्यूपीएसचं बटणही चालत नाही.

लहर: जुना एक्स्टेंडर फक्त २.४ गिगाहर्ट्झचा असेल, तर त्याला ५चं नेटवर्क दिसणारच नाही. राउटरवर २.४ चालू आहे का बघा.

चॅनेल: २.४ लहरीत आपल्याकडे १ ते १३ चॅनेल वापरता येतात. अमेरिकेत विकले जाणारे डबे १ ते ११ वरच चालतात. मुलानं किंवा भावानं तिकडून आणलेला एक्स्टेंडर असेल आणि राउटर १२ किंवा १३ वर असेल, तर डब्याला राउटर दिसतच नाही. रिसेटनं हे बदलत नाही. राउटरचं चॅनेल १, ६ किंवा ११ करा. आणि असा डबा सॉकेटला लावण्याआधी लेबलवरचे व्होल्ट वाचा. १०० ते २४० लिहिलं असेल तर ठीक. फक्त ११० किंवा १२० असेल तर लावू नका, जळेल.

यादी: राउटरवर ठरावीक उपकरणांनाच परवानगी देणारी यादी, म्हणजे मॅक फिल्टर, चालू असेल तर एक्स्टेंडरचा मॅक पत्ता तीत घालावा लागतो.

"हेल्पलाइन" शोधताना जपून

पान उघडत नाही म्हणून लोक एक्स्टेंडरच्या कंपनीचं नाव आणि "सेटअप" असं शोधतात. शोधात वर येणारी सगळी पानं कंपनीची नसतात. काहींवर मोठ्या अक्षरांत फोन नंबर असतो. फोन केला की पलीकडचा माणूस गोड बोलतो, स्क्रीन बघायचं अ‍ॅप घ्यायला लावतो आणि "दुरुस्तीचे" पैसे मागतो, किंवा त्याआधीच बँकेच्या अ‍ॅपपर्यंत पोचतो.

ध्यानात ठेवा: सेटिंगचं पान तुमच्याच डब्यात असतं. ते उघडायला पैसे लागत नाहीत, ओटीपी लागत नाही, स्क्रीन कोणाला दाखवावी लागत नाही. नंबर हवा असेल तर खोक्यावरचा किंवा पुस्तिकेतला घ्या. फसवणूक झालीच तर क्षणाचाही उशीर न करता १९३० या नंबरवर फोन करा, किंवा सायबरक्राइम डॉट जीओव्ही डॉट इन या सरकारी संकेतस्थळावर तक्रार नोंदवा. हा नंबर देशभर एकच आहे, बेळगावातून लावा, पणजीतून लावा, हैदराबादेतून लावा. जेवढ्या लवकर कळवाल तेवढी पैसे रोखण्याची शक्यता जास्त.

फोनवरून आई-बाबांना सांगायचं असेल तर

मुलं पुण्यात नाहीतर बंगळुरात, आई-बाबा निपाणीत नाहीतर खानापुरात. मग हे काम फोनवरून होतं. घाई केली तर इथंच चुकीचा डबा रिसेट होतो. असं विचारत जा:

"आई, भिंतीत लावलेला तो छोटा डबा बघ. त्याच्यात कुठली वायर जाते का?"
"नाही रे, नुसताच बोर्डात लावलाय."
"हां, तोच. तो काढून बाबांच्या टीव्हीच्या खोलीत आण, मोठ्या डब्याजवळ लाव. मोठ्या डब्याला मात्र हात लावू नको."

एका वेळी एकच गोष्ट सांगा. दिव्याचा रंग त्यांच्याकडून वदवून घ्या. बोलायला एक फोन आणि जोडणीला दुसरा, अशी सोय करा, कारण जोडणीच्या फोनचा डेटा बंद करायचा आहे. व्हिडिओ कॉल लावायचा असेल तर तो बोलायच्या फोनच्या मोबाइल डेटावर लावा, घरच्या वायफायवर नको. आणि पुढच्या वेळी घरी जाल तेव्हा तो कागद मोडेमशेजारी चिकटवून या.

डबा दुसऱ्याला देताना

ही गोष्ट बहुतेक जण विसरतात. एक्स्टेंडरमध्ये तुमच्या राउटरचा पासवर्ड साठवलेला असतो. रिसेट न करता तो विकलात, भंगारात दिलात किंवा भाड्याच्या घरात सोडून आलात, तर घराची किल्ली दारालाच ठेवून आल्यासारखं आहे. आधी रिसेट करा, नवं नेटवर्क दिसतंय याची खात्री करा, मग द्या. रिसेट न करता आधीच दिला असेल, तर घरच्या राउटरचा पासवर्ड आजच बदला. बंद पडलेला डबा कचऱ्यात न टाकता ई-कचरा घेणाऱ्यांकडे द्या.

वापरलेला डबा घेतलात तरीही तेच. पहिलं काम रिसेट, दुसरं फर्मवेअर अपडेट, तिसरं नवा अ‍ॅडमिन पासवर्ड. रिसेट झालेल्या बऱ्याच डब्यांचं नेटवर्क सुरुवातीला बिनपासवर्डचं, उघडं असतं. तसंच अर्धवट सोडून जेवायला बसू नका, जोडणी पूर्ण करूनच उठा.

थोडक्यात

- आधी राउटरजवळ नेट आहे का बघा.
- मग रीस्टार्ट करा. रिसेट शेवटी.
- राउटरचं नाव आणि पासवर्ड कागदावर आल्याशिवाय टाचणी नको.
- ज्यात फायबरची वायर शिरते त्या डब्याला हात लावू नका.
- बटण धरताना दिव्याकडे बघा. नंतर दोन मिनिटं वीज जाऊ देऊ नका.
- जोडणी राउटरजवळ करा, मग डबा मधल्या जागी लावा.
- पैसे, ओटीपी किंवा स्क्रीन मागणारा माणूस कंपनीचा नाही असंच समजा.
- डबा देताना रिसेट करून द्या.

टाचणी प्रत्येक घरात असते. तिच्यासोबत तो कागदही असला, की मागच्या खोलीचं नेट परत आणायला अर्धा तास पुरतो.